किलाडची बदली

१९ ऑगस्ट
बदली झाली. किलाड, थेट खिंडीपलीकडे! कारण एवढंच — लोकहितार्थ. चंब्यात माझ्या जागी कोणी वंदना राणा येतेय. दहा दिवसांत तिकडे हजर व्हायचं.

बलदेवला जाऊन आज सत्तेचाळीस दिवस. नवरा किलाडच्या कॉलेजात आणि मी इथल्या, असंच चाललं होतं; तिथूनच तो सुट्टीवर घरी येत होता. साच खिंडीच्या अलीकडे जीप दरीत गेली. त्याच रस्त्याने मी जायचं. जम्मूकडून वळसा आहे म्हणतात, तोही कड्यातूनच.

मी जाऊ शकत नाही.

२० ऑगस्ट
हेमलताचा फोन. ती आमच्या कॉलेजात इतिहास शिकवते, बदलीवरून दोनदा कोर्टात जाऊन आलेली. म्हणाली, कार्यमुक्तीचा कागद हातात घेऊ नकोस. एकदा सही केली की कोर्ट म्हणतं, आधी तिकडे हजर व्हा. आजारपणाची रजा टाक, दार उघडू नकोस. सगळे हेच करतात. आणि त्या राणाबाईच्या मामांची वरून चिठ्ठी आहे म्हणे.

रजा पाठवली. दार लावलं.

२२ ऑगस्ट
दुपारी छांगूराम शिपाई कागद घेऊन आला. मी स्वयंपाकघरात भिंतीला टेकून उभी. श्वासही घेत नव्हते. त्याने दोनदा कडी वाजवली. मग दाराबाहेरूनच म्हणाला, "मॅडमजी, घरात कोणी नाही असं लिहितो. पण तो कुकर बंद करा, पाच शिट्ट्या झाल्या."

राजम्याचा गाळ झाला होता. तसाच खाल्ला.

२५ ऑगस्ट
शिमला. नेगी वकिलांनी विचारलं, जायला अडचण काय? म्हटलं, रस्ता. त्यांनी पेन खाली ठेवलं. "मॅडम, भीती हे कारण कायद्यात नाही. रक्तदाब वगैरे आहे का?" आहे, थोडा. तो लिहिला. बलदेवचं एका ओळीत आटोपलं — याचिकाकर्ती विधवा आहे.

२६ ऑगस्ट
स्थगिती मिळाली. १२ सप्टेंबरपर्यंतच.

२९ ऑगस्ट
कॉलेजात गेले. राणाबाई स्टाफरूममध्ये ट्रंक घेऊन बसलेली. स्थगितीमुळे तिला हजेरीवर सही करू देत नाहीत. मला विचारलं, "मॅडम, मी कुठे बसू?" मी पुस्तकं उचलून वर्गावर गेले.

३ सप्टेंबर
बी.एस्सी.च्या मुली विचारत होत्या, मॅडम जाणार का? फळ्याकडे तोंड करून समीकरण लिहीत राहिले. खडू दोनदा मोडला.

१० सप्टेंबर
कोर्टात सरकारचं उत्तर आलं. नेगींनी फोनवर पाठवलं. मामांची चिठ्ठी वगैरे काही नाही. जोडलेला कागद आमचाच — नवरा-बायकोला एका गावी ठेवण्याचा अर्ज.

दर जानेवारीत तो अर्ज आम्ही भरायचो. मी कोऱ्यावरच सही करून द्यायचे, बाकीचं बलदेव लिहायचा. तीन वर्षं त्याने "चंबा" लिहिलं. दर वेळी नामंजूर. या वेळी त्याने "किलाड" लिहिलंय. मला बोलला नाही. खाली शेऱ्यात त्याचं अक्षर: "पत्नी रस्त्याला घाबरते. बदली खिंड उघडल्यावर व्हावी, मी स्वतः घ्यायला येईन."

शिमल्याच्या ऑफिसात फाइल हळूहळू सरकत राहिली. तो गेला हे तिथे कोणाला माहीत नव्हतं. ऑगस्टमध्ये मंजूर झाली.

नेगी खुशीत होते. "जिंकलो समजा! मेलेल्या माणसाच्या अर्जावर—" मग थांबले. सॉरी म्हणाले.

राणाबाईला तीन आठवडे मनात शिव्या घातल्या.

१२ सप्टेंबर
बदली रद्द. निकाल चार ओळींचा. "पतीचे निधन झाले असल्याने उभयतांनी एकत्र राहण्याचे कारण आता उरलेले नाही."

जावं लागणार नाही. आता तिकडे मला बोलावणारं कोणी नाही.