ताईच्या उजवीकडची खुर्ची

शुक्रवार

नवी नोकरी! आजवरच्या सगळ्या नोकऱ्यांपेक्षा भारी. बसून सिनेमे बघायचे. चोरून आणलेले असले म्हणून काय झालं? झेरॉक्सच्या दुकानावरची खोली, कुरकुरणारा पंखा, खिडकीत कुणाची तरी मांजर, तिने आल्या आल्याच माझ्याशी खुन्नस धरलीय. शेजारी ‘चष्मा’ बसतो. तो म्हणाला, थेटरात लपून काढलेल्या प्रिंटमध्ये प्रेक्षकांची डोकी मध्ये येतात, ती कापायची, नाहीतर लोक आपली साइट सोडून जातात. आज एक तमिळ सिनेमा आलाय, सकाळीच लागलेला. एक शास्त्रज्ञ मेलेल्या बायकोला आणायला पेटी बनवतो. भाषा कळत नाही, पण भुताला भाषा कशाला? चष्मा म्हणाला, ही पेटी आत घेते, परत काही देत नाही, अगदी आपल्या मालकासारखी.

ताईला आवडला असता. असल्या तमिळ सिनेमांचं वेड तिनेच मला लावलं. भीतीचा सीन आला की माझ्या डोळ्यांवर हात ठेवायची, मला मिशा फुटल्या तरी. मी म्हणायचो, बोटं जरा फाकव ना. फाकवायची.

शनिवार

प्रिंटमध्ये खाली कोपऱ्यात एक डोकं आहे. अंबाडा, त्यात पेन्सिल खोचलेली. ताई अशीच खोचायची. खोचतात बऱ्याच जणी. ताईला जाऊन वर्ष होईल आता.

पेटी उघडते तेव्हा त्या बाईने हात उचलून उजवीकडच्या खुर्चीसमोर धरला. खुर्ची रिकामी आहे.

तिने बोटं फाकवली.

रविवार

चष्म्याला दाखवलं. त्याला डोकं दिसलं, हात नाही. म्हणाला, काप आणि मोकळा हो. कापायला घेतलं. जमेना. एकदा पोचवून आलोय तिला. परत मीच कसं —

मालक तणतणून गेला. उद्या दुपारपर्यंत डोकं गेलं पाहिजे, नाहीतर मी.

जेवलो नाही. तोच सीन, मागे-पुढे, मागे-पुढे. ती वळत नाही. एकदा वळ ना गं.

सोमवार

खुर्ची रिकामी नाही. उभे राहिलेले केस. फाटकी कॉलर — माझी.

चष्मा हाका मारतोय. लांबून. मी इथेच तर बसलोय —

नाही कापणार.

पेटी उघडतेय. तिचा हात —

अंधार. डोळ्यांवर उबदार तळवा. पेन्सिलीचा वास. चाचपत लिहितोय. भीती वाटतेय गं, पण हात नको काढू — नुसती

बोटं जरा फाक