आईच्या काढ्याची परीक्षा

धुळे,
१४ मे २०२५

ती. आबा,

पायांवर डोकं ठेवते. पूर्ण मायना लिहायला तुम्हीच शिकवलंत, पण आज तेवढं त्राण नाही. इकडे सगळे बरे आहेत. कूलर दिवसभर घरघरतो आणि खोली काही गार होत नाही. पेपर तपासून डोळे चुरचुरतात. किरण बारावीला चांगल्या मार्कांनी पास झाली, आता पुण्यालाच जायचं म्हणते. ललित नाही म्हणतात आणि मी बापलेकीच्या मध्ये बोलून बोलून थकले.

भागामावशी सांगत होत्या, तुम्ही भर उन्हात कडुनिंबाचा पाला काढत हिंडता. टोपी घालत जा. घालत नाही हे माहीत आहे, तरी लिहिते.

हल्ली फोन केला की मी कैऱ्यांचं विचारते, लोणच्याचं विचारते आणि तुम्ही काढ्याचं काढायच्या आत ठेवून देते. तुमच्या ते लक्षात आलंच असणार. म्हणून पत्र. ललित उद्या जळगावला निघालेत, वाट वाकडी करून धरणगावला तुमच्या हातात देतील. ते चहाला थांबले तरी त्यांना काही विचारू नका, त्यांना यातलं काही ठाऊक नाही.

पहिल्या वर्षी सगळं किती छान होतं. गावातल्या प्रत्येकाने कपाशीच्या एका पट्ट्यात नेहमीच्या फवारणीवर काढा मारला, दुसऱ्यात नाही मारला. काढ्याच्या पट्ट्यात एकरी क्विंटलभर कापूस जास्त. तुम्ही पेढे पाठवलेत. मी मात्र संशयी बाई, पेढा खाता खाता विचारलं की काढ्याचा पट्टा ठरवला कोणी? तोताराम काका माझ्यावरच हसले. म्हणाले, "आबानं औषध शे, ते काय खारट वावरमा मारसूत का? पाहुणाले फाटेल गोधडीवर बसाडतस का कोनी?"

अर्धं गाव तुमच्या छड्या खाऊन मोठं झालंय, आबा. ज्याने त्याने तुमच्या मानाला विहिरीजवळची काळी जमीन दिली. उरलेला खडकाळ तुकडा बिनकाढ्याचा. मग आपण काढा तपासला की जमीन? खरं तर आपण तुमच्यावरची माया मोजली, आणि ती भरपूर निघाली.

म्हणून गेल्या खरिपात मी चिठ्ठ्या टाकायला लावल्या. कुठल्या पट्ट्यात काढा मारायचा ते चिठ्ठी ठरवणार. किती कुरकुर झाली होती! तोताराम काकांच्या वाट्याला काढा नेमका खारवट पट्ट्यात आला, तर त्यांचं तोंड एवढंसं झालं. चिठ्ठी गुपचूप डब्यात परत टाकायला निघाले होते. तेव्हा तुम्ही ओट्यावरून म्हणालात, "तोताराम, चिठ्ठी निंघनी ती निंघनी. आते तठेच मार."

मला त्या दिवशी तुमचा फार अभिमान वाटला होता.

आता लिहिते. वजनं सगळी आली. कुठे काढ्याचा पट्टा पुढे, कुठे दुसरा. एकूण बघितलं तर काढ्याकडे किंचित जास्त. पण दोन पट्ट्यांत काहीही मारलं नाही तरी त्यांचं वजन सारखं कधी भरतं का? प्रश्न एवढाच की आपला फरक त्या नेहमीच्या फरकाहून मोठा आहे का. काढा खरा कुठे मारला होता ते विसरून मी त्याच वजनांवर पुन्हा पुन्हा नुसत्या चिठ्ठ्या टाकल्या, चिठ्ठी म्हणेल तो पट्टा काढ्याचा धरला आणि फरक काढला. एवढा फरक दर थोड्या वेळाने निघतच होता, आणि याहून मोठासुद्धा. आबा, काढ्याचा गुण दिसला नाही.

'दिसला नाही' म्हणजे 'नाहीच' असं मी वर्गात कुणाला म्हणू देत नाही. तीच फट धरून बरेच दिवस स्वतःची समजूत घालत होते. पण गुण असलाच तर इतका बारीक आहे की शेतकऱ्याने त्याच्या भरवशावर बसू नये. आणि तुम्ही येत्या रविवारच्या मेळाव्यात नेमकं तेच सांगणार आहात, बाकीची फवारणी सोडा, काढाच पुरे. नुसत्या काढ्यावर कपाशी राहते का, हे तर आपण तपासलेलंसुद्धा नाही. बोंडअळी आली तर? तुम्ही सांगितलं की लोक पुन्हा विचारत नाहीत. मला भीती वाटते ती त्याचीच.

आई गेल्यावर तुम्ही कितीतरी महिने भिंतीकडे तोंड करून बसायचात. मग एक दिवस भागामावशींचा फोन आला, आबांनी तुझ्या आईचा काढ्याचा माठ परसात काढला, ताक ओतलं, मिरच्या-लसूण वाटला, सगळी आळी वासाने हैराण झालीय. मी स्वयंपाकघरात उभी राहून रडले. तेव्हापासून तुम्ही सकाळी उठता, लोकांच्या शेतावर जाता, माझ्याशी भांडता. हे सगळं त्या माठामुळे. आणि त्यालाच गुण नाही असं लिहायला मीच उरले होते. खूप थकवा आलाय, आबा. तुम्ही रागावलात तरी चालेल, पण पुन्हा भिंतीकडे तोंड करू नका.

रविवारी मी येते. मागच्या खुर्चीत बसेन, एक शब्द बोलणार नाही. तुम्हीच सांगा लोकांना. चिठ्ठी निघाली ती निघाली, असं तुम्ही म्हणालात तर सगळे ऐकतील. माझ्या तोंडून ते बरं दिसणार नाही.

माठ मात्र फोडू नका. परसातल्या आईच्या वांग्यांना काढा घालत राहा. तिथे चिठ्ठ्या टाकायला मी येणार नाही.

तुमची,
ज्योती