तीस नंबरचा फॉर्म

प्रिय बडबडे,

तुझ्या बाबांनी ठेवलेलं नाव वापरतेय, रागावू नकोस. या नावाने हाक मारणारी आता मी एकटीच उरलेय, आणि न वापरलेलं नाव गंजतं. सकाळपासून हे पत्र तीनदा सुरू केलं आणि तीनदा उठले. एकदा गॅस बंद आहे का बघायला, एकदा दाराची कडी बघायला, एकदा उगाचच. पेन्सिलींना टोकं काढून काढून त्या करंगळीएवढ्या उरल्यात. सोमवारी माझा अहवाल कॉलेजात द्यायचाय आणि त्याआधी तुला एक गोष्ट सांगायचीय. ती थेट ओठांवर येत नाही, म्हणून आधी अहवालाचंच सांगते.

संध्याकाळच्या कॉलेजात नाव घातल्याचं तुला फोनवर बोलले होते. वर्गात माझ्या खालोखाल वयाने मोठा म्हणजे एक निवृत्त पोस्टमन. पहिल्याच दिवशी म्हणाला, "ताई, तुम्ही आलात ते बरं झालं, नाहीतर पोरांनी मलाच म्हातारा ठरवला असता." वर्षाच्या शेवटी प्रत्येकाने एक संशोधन करून त्याचा अहवाल लिहायचा असतो. मला वाटलं, त्यात काय मोठंसं. सातवीत शाळा सुटली तरी माझं वाचन सुटलं नाही. गिरणीच्या वाचनालयातलं कपाट मी दोनदा संपवलं, आगगाडीच्या जुन्या वेळापत्रकासकट. पण जेवता येतं म्हणून स्वयंपाक येतो असं थोडंच आहे?

विषय शोधायला लांब जावं लागलं नाही. कापडगिरणीच्या मागखात्यात काम केलेल्या माणसांना ऐकू किती येतं, हा तो विषय. पहिलं वाक्य झोकात लिहिलं : मागखात्यात इतका आवाज असे की शेजारची भिंत पडली तरी कळू नये. आमच्या मार्गदर्शक मॅडम तुझ्याच वयाच्या आहेत. त्यांनी 'इतका'भोवती गोल काढला. "काकू, इतका म्हणजे किती?" म्हटलं, पुष्कळ. "कोणी मोजला? कुठे लिहून ठेवलाय?" पुढच्या ओळीत होतं की सगळेच बहिरे होत. "सगळे म्हणजे किती जण? तुम्ही विचारलं किती जणांना?" मला असा राग आला! तीस वर्षं त्या खात्यातल्या माणसाचा डबा भरला, आणि ही पोरगी मला विचारतेय, कशावरून. पण घरी येताना रस्ताभर तेच डोक्यात. खरंच, मी पाहिलं किती, ऐकलं किती आणि मनानेच धरून चालले किती?

अहवालात 'मी' लिहायचं नाही. 'प्रस्तुत संशोधिका' लिहायचं. त्या दिवशी आरशात बघितलं, तर प्रस्तुत संशोधिकेच्या बाहीला पीठ लागलेलं. एकटीच हसले. घरात एकटीने हसलं की आवाज फार मोठा येतो गं.

मग पंधरा प्रश्नांचा फॉर्म केला आणि तीस जणांना गाठायचं ठरवलं. दारोदार फिरले. बहुतेकांनी खुर्ची दिली, एकाने हाकललं, एकाच्या बायकोने दीड तास स्वतःच्या गुडघ्यांबद्दल सांगितलं. या माणसांची एक खुबी तुला ठाऊक नसेल. मागांच्या खडखडाटात शब्द ऐकू येत नाही, म्हणून ती एकमेकांचे ओठ वाचायला शिकतात. कान गेले तरी ओठ वाचणं राहतं. समोर बसलेल्याला पत्ता लागत नाही. आठवतं, तुझी टकळी सुरू झाली की बाबा तुझ्या तोंडाकडे बघत बसायचे? "बाबा, टक लावून काय बघता?" म्हणून तू चिडायचीस.

बाबांच्या शेजारच्या मागावर जो होता, सगळे लंबू म्हणायचे तो, त्याला मी अकरावा प्रश्न विचारला : फोनवर बोलणं टाळता का? म्हणाला, "वहिनी, फोन वाजला की मी नळ सोडतो आणि आंघोळीला बसतो. बायको म्हणते, एवढा स्वच्छ माणूस बघितला नाही!" आम्ही दोघंही हसलो. मग मला पुढचा प्रश्न वाचता येईना. चष्मा पुसला तरी येईना.

एकोणतीस जण झाले. तिसावा मिळेना, कोणी गावाला गेलेला, कोणी अंथरुणाला खिळलेला. रविवारी दुपारी टेबलाशी बसले आणि कोरा फॉर्म पुढे ओढला. वय, खातं, किती वर्षं काम, सगळं भराभर लिहीत गेले. कच्च्या कागदावर नाही, खऱ्या फॉर्मवर. पंधराच्या पंधरा उत्तरं तुझ्या बाबांची. त्यांनी 'हो' कसं म्हटलं असतं आणि 'बघू' कसं, मला पाठ आहे. खाली संमतीची सहीसुद्धा त्यांच्या नावाने मीच केली. तास दीड तास ते समोर बसल्यासारखे होते. ते गेल्यापासून एवढ्या गप्पा झाल्या नव्हत्या आमच्या.

पुढच्या आठवड्यात मॅडमनी सगळे फॉर्म वाचले. तीस नंबरवर थांबल्या. म्हणाल्या, "काकू, हा माणूस सगळ्यात मोकळं बोललाय. यांना परत भेटता येईल? मला अजून दोन गोष्टी विचारायच्यात." आणि तुझी ही आई काय म्हणाली असेल? "विचारून बघते."

चार दिवस मला कुठे चैन पडेना. भाजी दोनदा करपली. बसथांब्यावर उभी राहून दोन बस समोरून जाऊ दिल्या. पाचव्या दिवशी मॅडमच्या खोलीत गेले आणि उभ्याउभ्याच सांगितलं की तीस नंबर म्हणजे माझे यजमान आणि त्यांना जाऊन दोन वर्षं झाली. त्या ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं. त्यांनी पेनाचं टोपण लावलं, मला बसायला सांगितलं आणि म्हणाल्या, "हा फॉर्म काढावा लागेल. जे त्यांना विचारलंच नाही ते त्यांचं उत्तर होत नाही." मग फॉर्म माझ्यापुढे सरकवून विचारलं, "पण काकू, यातलं तुम्ही ऐकलेलं किती आणि तुमच्या मनचं किती?"

पोरी, त्यांच्या याच प्रश्नासाठी हे पत्र लिहितेय. बाबांना शेवटची सहा वर्षं फोनवर एक शब्द कळत नव्हता. तू लांब नोकरीला गेलीस त्याच सुमाराला त्यांचे कान पुरते गेले. तू अर्धा तास बोलायचीस, ते दोनदा 'हं' म्हणायचे आणि फोन माझ्या हातात द्यायचे. तू मला म्हणालीस, "बाबांना माझ्याशी बोलायचंच नाही, मग मी कशाला फोन करू?" दर रविवारचा फोन महिन्यावर गेला. ते गेले तेव्हा दारात उभी राहून तू तेच म्हणालीस, आणि मी तेव्हाही गप्प बसले. त्यांनी मला शब्द द्यायला लावला होता, की बाप बहिरा झाला म्हणून पोर नोकरी सोडून येईल, तिला सांगू नकोस. मी शब्द पाळला. चुकीच्या माणसाशी पाळला. तोंड दिसणारा फोन आपल्या घरी आला तो ते गेल्यावर. त्यावर तुझे ओठ त्यांना दिसले असते.

अहवाल एकोणतीस जणांचाच जाईल. तिसावा फॉर्म या पाकिटात घातलाय. सगळी उत्तरं खोडून पुन्हा लिहिलीत : माझा अंदाज आहे तिथे पेन्सिल, त्यांच्या तोंडून ऐकलंय किंवा डोळ्यांनी बघितलंय तिथे शाई. पेन्सिलीचं तू खुशाल पुसून टाक. अकराव्या, फोनच्या प्रश्नाचं उत्तर शाईचं आहे, शब्दन् शब्द त्यांचं : "तिचं एक अक्षर कळत नाही, पण सूर कळतो. बडबडतेय म्हणजे बरी आहे." सूर थांबला की ते 'हं' म्हणायचे. आणि तुझा फोन महिन्यावर गेला, तरी दर रविवारी ते फोनशेजारच्या खुर्चीत, फोनवर हात ठेवून बसायचे, मी हाक मारीपर्यंत. तेही शाईनेच लिहिलंय. ते मी बघितलंय.

सांगायला उशीर केलेली, तरी तुझीच,
आई