पंधरा नंबरची विहीर

फ्रँकफर्ट, ३ फेब्रुवारी २०२४

तीर्थरूप बाबांस,
ज्ञानदाचा शि. सा. न. वि. वि. नमस्कार रागानं घातलाय, पण घातलाय.

आपल्या घरात भांडण फोनवर करायचं नाही, कागदावर करायचं, हा तुमचाच नियम. म्हणून हा कागद. फोटो काढून आईच्या फोनवर पाठवतेय. चष्मा सापडत नसेल तर ती वाचून दाखवेल, आणि कृपा करून मधलं काही गाळू नकोस म्हणावं.

पणजोबांच्या मोडी वहीची तुम्ही केलेली बाळबोध नक्कल मिळाली. अक्षर पाहून माझ्या डोक्टोरमुटर, म्हणजे पीएचडीच्या मार्गदर्शक बाई, खूशच झाल्या. मराठीचा म उमगत नाही त्यांना, तरी दहा मिनिटं बघत बसल्या. १९२९ साली साताऱ्याचा एक मोजणीदार ट्रान्सजॉर्डनच्या वाळवंटात इंग्रजांसाठी विहिरी मोजत उंटावरून हिंडला, हे त्यांना खरंच वाटेना. आधी विहिरींची यादी झाली. मग विहिरींवर चौक्या बसल्या. मग पिढ्यानपिढ्या तिथं पाणी भरणाऱ्या टोळ्यांना घोटभर पाण्यासाठी सरकारच्या दारात उभं राहावं लागलं, आणि त्यातून एक राज्य उभं राहिलं. माझा सगळा प्रबंध एवढाच आहे.

पण बाबा, चौदा नंबरच्या विहिरीनंतर एकदम सोळा? समासात तुम्ही लिहिलंय, पान वाळवीने खाल्ले. वाळवीला मोडी वाचता येतं का हो? अख्ख्या वहीतली नेमकी एकच विहीर गिळली तिनं?

हनान आठवते ना, आमच्या वेगेतली, म्हणजे सामायिक घरातली, जिच्याबरोबर मी स्वयंपाकघर वाटून घेते? जॉर्डनची. माझ्याच विभागात आहे. पंधरावी विहीर तिच्या घराण्याची असणार, चौदा आणि सोळाच्या मधल्या वाटेवर दुसरी विहीरच नाही. तिथं आता एका कंपनीला सौरऊर्जेचा प्रकल्प टाकायचाय. कंपनी इंग्रजांची जुनी यादी दाखवते, त्यात मालकाच्या रकान्यात 'कोणी नाही' असं आहे. हनानच्या काकांनी दावा लावलाय, २० मार्चला सुनावणी आहे आणि त्यांच्या हातात कागदाचा कपटा नाही. मला ते पान हवंय. वाळवीसकट चालेल.

लोभ करायचा की नाही ते पान आल्यावर ठरवणारी,
ज्ञानदा


सातारा, ९ फेब्रुवारी २०२४

चि. ज्ञानदा हिस अनेक आशीर्वाद. आशीर्वादात कपात करण्याइतका राग अजून आलेला नाही, पण तू त्याच मार्गाने चालली आहेस.

बापाच्या नकलेवर शंका घेतेस? तू कॉलेजात असताना मी म्हणत होतो, दर रविवारी एक तास बस, मोडी शिकवतो. तेव्हा म्हणालीस की बाबा आहेत ना. आता बाबा आहेत, तर बाबा लिहितील ते वाच. भूमी अभिलेख खात्यात छत्तीस वर्षे मोडी दप्तरे वाचली मी. तिकडच्या बाईंना माझे अक्षर आवडले हे ठीक, पण तुला माझे काम तपासायला मी नेमलेले नाही.

माझे आजोबा हुकमाचे ताबेदार होते. सत्तावीस वर्षांचा मुलगा, परका मुलूख, डोक्यावर साहेब. सांगितले ते लिहिणे एवढेच त्यांच्या हाती होते. शंभर वर्षांनी तुम्ही गरम खोलीत बसून त्यांना आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करणार, आणि वर डॉक्टर म्हणवून घेणार! आपल्या माणसाची अब्रू परक्या कचेरीत नेऊन मांडायला मी मोडी शिकलो नाही. त्या मुलीला सांग, पान गेले.

थंडीत टोपी घालत जा. तुझी आई विचारते की पाठवलेली मेतकुटाची पुडी फुटली का.

तुझे बरे चिंतणारा, तूर्त नाराज,
बाबा


फ्रँकफर्ट, ११ फेब्रुवारी २०२४

ती. बाबांस, सा. न.

मेतकूट पोचलं. पुडी शाबूत आहे, माझं डोकं फुटायचं बाकी आहे.

सांगितलं ते लिहिलं म्हणे! मी विचारलं होतं का कोणी काय सांगितलं? मी फक्त पान मागितलं होतं. म्हणजे पान आहे, तुम्ही ते वाचलंय, आणि माझ्या तोंडावर खोटं लिहिलंय. काल आईला विचारलं. ती आधी भाजीचा विषय काढत राहिली, मग म्हणाली की वहीला वाळवी कधी लागलीच नाही. तिच्यावर चिडू नका. चिडायचंच तर आरशासमोर उभे राहा.

अब्रू? मी तिसरीत असताना एका पुढाऱ्याच्या शेताची हद्द चार हात सरकवायला तुम्ही नकार दिलात आणि तुम्हाला गडचिरोलीला फेकलं. आईनं दोन वर्षं एकटीनं मला सांभाळलं. तुम्हालाही हुकूमच होता ना तेव्हा? तुम्ही का नाही ताबेदार झालात? मी अख्ख्या शाळेला सांगत फिरायचे की माझे बाबा खोटी रेघ मारत नाहीत. परवापर्यंत इथंही सांगत होते.

आता नीट ऐका. हनानच्या घरात एक गोष्ट सांगतात. तिच्या खापरपणजीनं तहानेनं अर्धमेल्या झालेल्या एका हिंदी माणसाला आपल्या हातानं पाणी पाजलं. तो वहीत काहीतरी लिहीत होता. तिनं विचारलं तेव्हा खुणेनं म्हणाला, तुमचं नाव लिहितोय. पुढं विहिरीवर चौकी बसली, तारा लागल्या, यांची जनावरं तडफडून मेली. तरी ती म्हातारी मरेपर्यंत सांगत होती की हिंदी माणसानं आपलं नाव लिहून नेलंय, कुठंतरी ते आहे. हनाननं हे मला भात उकरत उकरत सांगितलं, आणि मी मूर्खासारखी मान हलवत बसले. तो माणूस माझा पणजोबा हे तिला सांगायची माझी छाती झाली नाही. लाज वाटते मला, बाबा. त्यांची कमी, तुमची जास्त.

इथं साधी खोली भाड्यानं घ्यायची तरी कागदावर खरी नक्कल असल्याचा शिक्का लागतो, बेग्लाउबिगुंग म्हणतात. जीव नकोसा करतात. पण आज मला असाच एक कागद हवाय, आणि तो देऊ शकणारा माणूस अख्ख्या जगात एकच आहे. तो रुसून बसलाय.

तुमचीच, दुर्दैवानं तुमच्यासारखीच हट्टी,
ज्ञानदा


सातारा, १६ फेब्रुवारी २०२४

चि. ज्ञानदास, आईचे अ. आ.

तुम्हा दोघांच्या भांडणात माझा फोन म्हणजे टपालपेटी झालाय. पत्र मी वाचून दाखवलं, गडचिरोलीसकट, काही न गाळता. चार दिवस झाले, हे ताटावर बसतात आणि उठतात. काल कपाटातून वही काढली आणि परत ठेवली. मी विचारलं तर म्हणाले की तू मध्ये पडू नकोस. बरं म्हटलं! गडचिरोलीच्या वेळी नाही आठवलं कुणाला की कुंदा मध्ये आहे म्हणून.

मी त्यांना सांगितलंय, पान पाठवा नाही तर उद्यापासून तुमची भाकरी तुम्ही थापा. तूही जरा जिभेला आवर घाल. लाज वाटते असं बापाला लिहितात का गं? खरं असलं म्हणून काय झालं.

वेळेवर जेवत जा.
तुझी आई


सातारा, २३ फेब्रुवारी २०२४

चि. ज्ञानदा हिस अनेक आशीर्वाद, पूर्वीइतकेच.

वाळवी लागलेली नाही. छत्तीस वर्षांत जे केले नाही ते मी घरी बसून, स्वतःच्या मुलीसाठी केलेल्या नकलेत केले. त्या पुढाऱ्याचे हसणे मला दोन दिवस ऐकू येत आहे.

ते पान मी एकोणिसाव्या वर्षी वाचले. माझ्या वडिलांनी मोडी शिकवताना मुद्दाम तेच पान पुढे ठेवले होते, आणि वाचून झाल्यावर म्हणाले की हे घराबाहेर जाणार नाही. मी मान डोलावली. मला वाटे, हद्द सरकवायला नकार दिला तेव्हा ते पाप फिटले. साफ खोटे. मी दुसऱ्याच्या शेताची हद्द राखली आणि हनानच्या घरची विहीर पन्नास वर्षे कपाटात कोंडून ठेवली. संताप येतो. आजोबांचा येतो, त्या साहेबाचा येतो, सगळ्यांत जास्त माझा येतो. तुझा मात्र आता येत नाही.

आजोबांनी त्या म्हातारीला फसवले नाही, असे मला परवापर्यंत सिद्ध करायचे होते. नाव त्यांनी खरोखर लिहिले. फक्त जिथे साहेबाला वाचता येणार नाही, तिथे लिहिले. आणि वाचता येत होते त्या आम्ही बापलेकांनी ते दडवले.

मूळ वही कुरियरने पाठवली आहे, नक्कल सोबत. वही हनानच्या हातात दे आणि कोणाचा पणजोबा ते तिला तू स्वतः सांग. ती दार लावून घेईल कदाचित. लावू दे. वही परत मागू नकोस. सुनावणीत वाचणारा हवा असेल तर मी फोनवर बसेन, कितीही वेळ. पासपोर्ट असता तर येऊन उभा राहिलो असतो.

तुझ्या रागाला पात्र झालेला,
बाबा

सोबत :

"विहीर नंबर १५. खोली सात पुरुष. पाणी गोड. वाटाड्या सालेम याचे आज्याने खणिली. काठाचे दगडावर त्यांचे जनावरांचे डागाची खूण कोरिली आहे, ती खाली रेखिली असे. मालक, सालेम व त्याचे भाऊबंद. दोन दिवस पाणी नव्हते, सालेमचे आईने आपले हाताने पाजिले. तिने पुसिले, काय लिहितोस. खुणेने सांगितले, तुमचे नाव. सायंकाळी साहेबांचा हुकूम झाला की यादीत मालकाचे रकान्यांत 'कोणी नाही' लिहावे. लिहिले."

मोडीवरून बाळबोध केली. मुळाशी ताडून रुजुवात घेतली. काहीही गाळलेले नाही. नक्कल खरी असे.

रमेश, निवृत्त मोजणीदार, लिहिणाऱ्याचा नातू