मोजणीच्या दुसऱ्या दिवशी

ताई,

काल कोर्टाच्या हुकमाने मोजणीदार आले होते. भावोजी कुंपणापलीकडे उभे होते, आमचे हे अलीकडे. हद्दीच्या दगडापाशी थांबून मोजणीदारांनी विचारलं, "हा इथे कधीपासून आहे?"

"वडिलांनी रोवलाय," हे म्हणाले.

"बाई, तुम्ही सांगा," मोजणीदार माझ्याकडे वळून म्हणाले.

ताई, सहा वर्षांपूर्वी तुम्ही दोघं लेकीच्या बाळंतपणाला गेला होतात, तेव्हा आम्ही तो दगड उपटून सात पावलं तुमच्या बाजूला सरकवला. विहीर आमच्याकडे आली. पहार यांनी मारली, पण माती मी दाबली. परत आल्यावर दगड हलवलाय असं तुम्ही बोललात, तर मीच तुम्हाला खोटारडी म्हटलं. आपलं बोलणं तेव्हापासून तुटलं.

काल मी "आठवत नाही," एवढंच बोलले. त्यांनी ते लिहून माझी सही घेतली आणि म्हणाले, "जुन्या नकाशाशी दगड जुळत नाही. सोमवारी कोर्टात शपथेवर सांगावं लागेल."

हे म्हणतात, "आठवत नाही म्हणणाऱ्याला कुणी फासावर देत नाही."

हे पत्र पाठवलं तर तुमचा वकील आधी यांनाच अडकवेल, म्हणून पाठवत नाही. पण सोमवारी मी स्वतःच, माझ्या वाट्यासकट, खरं सांगणार आहे. तेव्हा माझ्याकडे बघू नका, ताई. तुम्ही बघितलंत तर मला रडू फुटेल, आणि एकदा थांबले की पुन्हा बोलायचं धाडस व्हायचं नाही.

तुमची धाकटी जाऊ