माझ्या बोलण्याखालच्या ओळी

सौंसर, ९ नोव्हेंबर २०२५

ती. धनश्रीताईस हर्षलचा शि. सा. न. वि. वि.

फोन बंद करून ठेवला, म्हणून कागद. काल नागपुरात येऊनही तुझ्याकडे न थांबता फिल्म दाखवली त्या हॉलमधून सरळ बस धरली. रागावू नको.

तुले माहीत आहे, पांढुर्ण्याच्या प्रणालीसाठी मी छिंदवाड्याचं कॉलेज अर्ध्यात सोडलं. सहा महिने तिच्या फिल्मचा माइक धरून उभा राहिलो. फिल्म आपल्याच, मध्य प्रदेशातल्या मराठी लोकांची. भोपाळवाले आपल्याले महाराष्ट्राचे म्हणतात, नागपूरवाले हिंदीवाले. ती म्हणाली, आपलं आपण सांगू. म्हणून मी संत्र्याच्या बगीच्यात कॅमेऱ्यासमोर बोललो, की मले इथंच बरं वाटून राहिलं, कोणी थांबलं तर अजून बरं. ताई, थे मी कॅमेऱ्याले नाही, त्याच्यामागं उभ्या तिले म्हटलं होतं.

अन् पडद्यावर माझ्या मराठीखाली मराठीतच ओळी, इस्त्री केलेल्या. जसा मी परदेशातून येऊन बोलून राहिलो. हॉल हसला. बसमधूनच तिले कळवलं, माझा चेहरा-आवाज सगळा काढ अन् सौंसरात पाय ठेवू नको.

आई संत्री पाठवून राहिली. भाऊजींना नमस्कार. तुझ्यावर तरी भरवसा ठेवून असलेला,
हर्षल

नागपूर, १५ नोव्हेंबर

चि. हर्षल यास अ. उ. आ.

संत्री मिळाली. निम्मी शेजारी वाटली, माहेरची म्हणून मिरवत.

त्या ओळी प्रणालीने नाही, मी लिहिल्या. तिला नकोच होत्या. ऐकणाऱ्याने थोडा कान द्यावा, असं ती म्हणत होती. हट्ट माझा. इथल्या शाळेत रुजू झाले त्या दिवशी शिक्षकांच्या खोलीत माझ्या बोलण्यावर सगळे हसले होते. तुझ्यावर हसू नयेत म्हणून लिहिल्या. तरी हसलेच.

याच आठवड्यात ती दोन दिवस माझ्याकडे होती. तुझं म्हणणं तिने मानलंय. तुझा भाग काढला. आता तिथे नुसता बगीचा दिसतो, कोणी बोलत नाही. परवा ती मुंबईला गेली, कामासाठी.

राग ओसरला की दोन ओळींची वाट पाहणारी,
धनश्री

सौंसर, २१ नोव्हेंबर

ती. ताईस न. वि. वि.

तुझं पत्र बाबांना वाचून दाखवलं. ते म्हणाले, पोरगी पाहुण्यासारखी लिहून राहिली. ओळी कोणी लिहिल्या, तेवढं मी वाचलं नाही. त्यांच्यासाठी, तुझ्यासाठी नाही.

मग फोन चालू केला. प्रणालीचा एकच मेसेज होता, दहा तारखेचा. सौंसरच्या स्टँडवर उतरली, पाच वाजेपर्यंत थांबून राहिली, असं लिहिलं होतं. आपल्याच बोलीत. मी तेव्हा घरीच होतो, स्टँडपासून दहा मिनिटांवर.

आता तिचा फोन लागत नाही. तू लिहिशील तर घरी बोलतेस तसं लिही, नाही तर लिहू नको.

तुझाच होतो तो,
हर्षल