आत्यानं ओतलेलं तेल

१२ मार्च

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

गाडी पोचली. बॉनेट उघडलं आणि माझाच पारा चढला. या इंजिनाला पातळ सिंथेटिक तेल लागतं, हे किल्ली देताना तुला मास्तरासारखं समजावलं होतं. डिकीत रिकामा डबा मिळाला तो जाड, साध्या तेलाचा, आणि वर ट्रकचं चित्र! दोन जातींची तेलं एकत्र? आत काय चाललं असेल, या विचारानं घास उतरत नाही. हे उद्योग तुझ्या त्या निवृत्त ट्रकवाल्यांचेच. त्यांना म्हणावं, माझी गाडी रणगाडा नव्हे.

आई बरी आहे. तुझं नाव निघालं की बाबा पेपर तोंडापुढे धरतात, तोही उलटा.

गाडीइतकाच तुझ्यावर जीव असलेला,
तुझा भाचा

१८ मार्च

चि. इंजिनतज्ज्ञास,
अनेक आशीर्वाद.

भर चढावर लाल दिवा लागला. तेल मोजायची पट्टी ओढून पाहिली तर कोरडी ठणठणीत. दुकान लांब, आणि विवाह नोंदणीचे साहेब उठण्याच्या बेतात. यांच्याजवळ तोच एक डबा होता. मी म्हटलं, भाचा मला फाडून खाईल. हे म्हणाले, "कोरडं इंजिन आधी मरेल, भाचा नंतर ओरडेल."

पोचलो. सह्या केल्या. कागदावर यांच्या तेलकट बोटांचे ठसे उमटले आणि साहेबांनी नाक मुरडलं. साठी उलटल्यावर इतकी हसले नव्हते.

किल्ली दिलीस, पण आला नाहीस. पत्रातही तेल आहे, इंजिन आहे, माझ्या लग्नाबद्दल अक्षर नाही. तुझे बाबा पेपरामागे लपतात, तू बॉनेटमागे. तेल नको असेल तर काढून टाक. यांना मी काढणार नाही.

बॉनेट बंद करून लिही.

तुझी, अजून तीच,
आत्या

२५ मार्च

ती. आत्या व ती. आतोबांस,
शि. सा. न. वि. वि.

मेकॅनिकनं तेल बदललं. इंजिन सुखरूप आहे. एकदा दुसरं तेल ओतल्यानं काही बिघडत नाही, एवढी बोंब कशाला, असं म्हणून तो बराच वेळ हसला.

आत्या, तू लग्न करून गेलीस की या घरात माझी बाजू घेणारं कुणी उरणार नाही, असं वाटलं होतं. तेलावर लिहिणं सोपं होतं.

रविवारी येतोय. बाबांना मी चल म्हटलेलं नाही. पण आज त्यांनी गाडी धुतली, पुढच्या सीटवर जाऊन बसले आणि रविवारी किती वाजता निघायचं ते विचारलं.

आम्हा दोघांना घरात घ्यावं, ही विनंती.

तुमचा भाचा